साक्षीदार ‘ब’

आमच्या हौसरावआप्पांच्या सदऱ्याच्या खिशाला कायम दोन पेनं असायची, एक निळं आणि एक काळं. कुठल्या साहेबाला कुठली शाई लागेल सांगता येत नाही, म्हणून दोन्ही बाळगायची, असं ते सांगत. लिहिण्याचं काम त्यांना आयुष्यात फारसं पडलं नाही. ती पेनं फक्त सहीसाठी होती.

आप्पा माझ्या सासऱ्यांचे चुलतभाऊ. गावात त्यांना नावानं हाक मारणारे थोडे, बाकी सगळे ‘पंच’ म्हणायचे. ग्रामपंचायतीचे पंच नव्हेत हं. त्या निवडणुकीला ते एकदाच उभे राहिले आणि भावकीनंच त्यांना पाडलं. हे पोलिसांचे पंच. कुठं चोरी झाली, मोटार जप्त केली, विहिरीत कुणी सापडलं, की पोलिसांना पंचनामा करावा लागतो आणि त्यावर बाहेरच्या दोन माणसांच्या सह्या लागतात. आमच्या भागात या कामाला माणूस मिळत नाही. पुढं कोर्टाच्या खेपा कोण घालणार? पोलिसांची गाडी चौकात थांबली की पारावर बसलेल्यांना एकाएकी रानातली कामं आठवतात. आप्पा तेवढे बसून राहायचे, आणि हवालदारानं हाक मारायच्या आधीच टोपी सारखी करून उठायचे.

जमीन बागाईत, मुलगा सत्यजीत पुण्यात नोकरीला, घरचं सगळं त्यांची बायको, आमच्या सरूआत्या, बघायच्या. सकाळी डेअरीला दूध घालून झालं की आप्पा मोकळे. मग ते ठाण्यासमोरच्या चहाच्या टपरीवर जाऊन बसत. कुठलं ठाणं ते मी लिहीत नाही; तिथले साहेब केव्हाच बदलून गेले. आप्पांना तिथं आत खुर्ची मिळायची. ‘या पंच’ म्हणून साहेब स्वतः चहा सांगायचे. घरी आल्यावर तो चहा आप्पा दोन दिवस पुरवायचे. माझं केडगाव स्टेशनच्या रस्त्याला झेरॉक्स-टायपिंगचं दुकान आहे. जाता-येता तिथं टेकून मलाही त्या चहाची हकीगत ऐकवायचे.

आता मुद्द्याची गोष्ट. आप्पा सही करायचे, पण वाचायचे नाहीत. वाचता येत नव्हतं असं नाही, पेपर तर जाहिरातींसकट वाचून काढायचे. पण साहेबासमोर कागद वाचत बसणं त्यांना उद्धटपणा वाटायचा. मी एकदा टोकलं तर म्हणाले, “समोरचा माणूस आपल्याला खुर्ची देतो, चहा पाजतो, आन् आपण त्येच्याच कागदात चुका हुडकत बसायचं? माणसावर विश्वास हाय का न्हाई?” मला हसू आलं होतं. आमच्याकडं साहेबाचा मान ठेवायची ही अशी रीत आहे, आणि ती एकट्या आप्पांची नाही. माझ्या दुकानात टाइप करून घेतलेले कागद लोक तसेच सही करून घेऊन जातात. मी चार वेळा म्हणते, वाचा हो एकदा. ते म्हणतात, तू टाइप केलंय ना, मग बघायचं काय.

कोर्टात मात्र त्यांची एकदा चांगलीच फजिती झाली. समोरच्या वकिलानं विचारलं, पंचनामा झाला तेव्हा तुम्ही घराच्या पुढच्या दारानं आत गेलात की मागच्या? आप्पा म्हणाले, पुढच्या. वकील म्हणाला, त्या घराला पुढचं दार नाहीच, भिंत घालून बंद केलंय. सगळं कोर्ट हसलं. आप्पाही हसले, आणि पुढं ते स्वतःच हा किस्सा लग्नाच्या पंगतीत सांगायला लागले. मीही हसत आले. आता हसत नाही. विचारायला समोर एक वकील होता, म्हणून ते दार सापडलं.

बिरदेव शेजारच्या वस्तीवरचा. त्याचे वडील आबा, जुने मेंढपाळ. त्यांची मेंढरं पूर्वी आप्पांच्या रानात बसायची. आठ-दहा रात्री मेंढरं बसवली की रानाला खत व्हायचं, त्या बदल्यात आप्पांच्या घरून धान्य जायचं. दोन घरांचं असं चालत आलेलं. बिरदेव आप्पांच्या बांधावर रांगलेला. आता मेंढरं गेली, आबांचा थोडा ऊस आहे, गाई आहेत आणि बिरदेवचा पिकअप टेम्पो. पोरगं मेहनती, पण डोकं गरम. चुकीचं दिसलं की गप्प बसणार नाही, आणि बोलताना आवाज कमी करणार नाही.

त्याचं भांडण झालं ते गुऱ्हाळांशी. आमच्या दौंड तालुक्यात गुऱ्हाळं पुष्कळ. पूर्वी चुलवणात उसाचं चिपाड जळायचं. हल्ली नदीपलीकडून, सणसवाडीच्या बाजूनं कारखान्यांचं भंगार येतं, रबर, प्लॅस्टिक, जुन्या चपला. सरपणापेक्षा ते स्वस्त पडतं. वस्तीवर काळा धूर उतरायचा, धुणं काळं व्हायचं, आणि बिरदेवची आई सखूबाई खोकून खोकून बेजार. सगळ्यात मोठं गुऱ्हाळ पृथ्वीराजचं, आणि पृथ्वीराजची ऊठबस मोठ्या लोकांत. बिरदेवनं अर्ज केले. अर्जांचं काही झालं नाही, तेव्हा त्यानं चपलांनी भरलेली एक ट्रॉली अडवली आणि ग्रामपंचायतीच्या दारात ओतली. त्यावर खंडणीची केस झाली. पुढं गुऱ्हाळावरच्या माणसांशी झोंबाझोंबी झाली, तिची दुसरी केस. दोन्हींत त्याला जामीन मिळाला. त्या केसेस चालल्या असत्या तर काय खरं, काय खोटं ते बाहेर आलं असतं. बिरदेव निर्दोष होता असं मी म्हणत नाही. एकाचं थोबाड त्यानं फोडलं होतं, मी पाहिलंय. पण त्याला शिक्षा द्यायची तर आधी केस चालवायला हवी होती, एवढंच माझं म्हणणं.

एके सकाळी तो टेम्पोत दुधाचे कॅन चढवत असताना पोलीस आले आणि त्याला घेऊन गेले. गावाला वाटलं, दोन दिवसांत येईल. त्याची बायको मोनिका जामिनाचे कागद घेऊन ठाण्यावर गेली. तिला सांगितलं, याला जामीन नसतो. केस कुठली? केसच नाही. मग आत कशासाठी? स्थानबद्ध केलंय, जिल्ह्याच्या साहेबांचा हुकूम आहे. एक वर्ष.

मोनिका तिथून सरळ माझ्या दुकानात आली. स्थानबद्ध म्हणजे काय, असं तिनं मला विचारलं. मी कागद टाइप करते, कायदा शिकलेली नाही. ओळखीच्या वकिलाला फोन लावून विचारलं. त्यानं सांगितलं ते मी जसंच्या तसं तिला सांगितलं. गुन्हा केला म्हणून आत टाकलेलं नाही, पुढं करील म्हणून टाकलंय. खटला चालणार नाही. एक सल्लागार मंडळ असतं, त्याच्यापुढं म्हणणं मांडता येतं, पण तिथं वकील नेता येत नाही. त्याच्याविरुद्ध ज्यांनी सांगितलंय त्यांची नावं कळणार नाहीत. मोनिका म्हणाली, “चोराला तरी वकील देत्यात की.”

आबा अर्थातच आप्पांकडं गेले. ठाण्यात खुर्ची असलेला माणूस वस्तीच्या ओळखीत दुसरा नव्हता. आप्पा तावातावानं उठले. सांजच्याला सोडवून आणतो म्हणाले. गेले, चहा झाला, आणि परत आले ते जरा चिडूनच. वरून आलंय, आमच्या हातात काही नाही, असं साहेबांनी सांगितलं होतं. तेव्हा आप्पांचा राग खरा होता. एवढ्या सह्या दिल्या, आणि आपल्या शब्दाला एवढी किंमत नाही, याचा तो राग होता. बाकीचं त्यांना अजून ठाऊक नव्हतं.

बिरदेवला लांबच्या जेलमध्ये ठेवलं. तिथं पहिल्या भेटीत त्यानं हुकुमाचे कागद मोनिकाकडं दिले. वकिलासाठी त्यांच्या झेरॉक्स काढायला ती, आबा आणि आप्पा असे तिघं दुकानात आले. आबा म्हणाले, “अनुपमा, काय लिव्हलंय ते वाच गं जरा.” म्हणून मी वाचायला लागले. दोन गुप्त साक्षीदार होते, ‘अ’ आणि ‘ब’. नावाच्या जागी नुसतं अक्षर. ‘अ’ सांगत होता की तो कामावरून परतत असताना कालव्याच्या पुलावर सदर इसमाने त्याला कोयता दाखवून पँटच्या खिशातील पैसे काढून घेतले. आजूबाजूचे लोक घाबरून पळाले व दुकानदारांनी दुकाने बंद केली. ‘ब’ म्हणजे गावातला एक प्रतिष्ठित शेतकरी. त्याच्या बाबतीतही तोच पूल, तोच कोयता, तेच पळणारे लोक. फक्त पँटच्या खिशाऐवजी शर्टाचा वरचा खिसा होता. शेवटी दोघांचंही एकच वाक्य, सदर इसमाच्या भीतीमुळे आम्ही तक्रार दिली नाही, आणि आमचे नाव गुप्त ठेवण्याच्या अटीवर हा जबाब देत आहोत.

मी वाचता वाचता थांबले. कालव्याच्या पुलावर दुकानं कुठली? तिथं एक म्हसोबा आणि एक बाभळ, यापलीकडं काही नाही. मला इतका संताप आला की मी कागद काउंटरवर आपटले. मोनिका म्हणाली, “आवं, पण हे सांगायचं कुनाला?” तेवढ्यात आप्पा उठले. चहा सांगितला होता, तो न घेताच, रानात पाणी सुरू आहे म्हणून निघाले. त्या दिवशी वीज नव्हती. माझं तर मशीन इन्व्हर्टरवर चालू होतं. पण मी तेव्हा त्याचा काही संबंध जोडला नाही. पुढचं सगळं मला बऱ्याच दिवसांनी सरूआत्यांनी सांगितलं, आणि राहिलेलं आप्पांनी स्वतः.

बिरदेवला नेलं त्याच्या महिनाभर आधी एका दुपारी हवालदारानं आप्पांपुढं एक टाइप केलेला कागद ठेवला होता. आप्पांनी सवयीनं पेन काढलं. साहेब म्हणाले होते, काळजी करू नका, यात तुमचं नाव कुठंच येणार नाही. आप्पांना ते ऐकून जरा वाईटच वाटलं होतं. आपलं नाव कागदावर असतं यातच तर त्यांना गोडी होती. तरी त्यांनी सही केली. पुढं एकदा मोठे साहेब गाडीतून आले आणि कागद दाखवून विचारलं, हे म्हणणं तुमचंच ना? आप्पा म्हणाले, व्हय साहेब. घरी येऊन बायकोजवळ त्यांनी कुरकूर केली होती, की आज सही घेतली पण नाव नको म्हणाले. सरूआत्यांनी विचारलं, मग सही कशाची होती? आप्पा म्हणाले होते, असंल कसल्यातरी चोरीची.

दुकानातून ते गेले ते थेट घरी. सरूआत्या सांगतात, उन्हातून आलेला माणूस हात-पाय न धुता आतल्या खोलीत जाऊन भिंतीकडं तोंड करून बसला. त्यांनी काय झालं म्हणून विचारलं. आप्पा म्हणाले, “बिरदेवला मीच आत घातला.” सरूआत्यांना सगळं समजायला थोडा वेळ लागला. समजल्यावर त्या ओरडल्या नाहीत की रडल्या नाहीत. त्यांनी एवढंच विचारलं, “त्येनं तुमच्या खिशाला कवा हात लावला का?” आप्पांनी नाही म्हणून मान हलवली.

दुसऱ्या दिवशी आप्पा ठाण्यावर गेले. साहेबांना म्हणाले, तो कागद मला परत द्या, मी तसं बोललो नव्हतो. साहेबांनी त्यांना खुर्ची दिली, चहाही सांगितला. आवाज न चढवता ते म्हणाले, आप्पा, सही तुमची, वरिष्ठांसमोर हो म्हणालात तेही तुम्हीच, आता खोटं होतं म्हणाल तर खोटा जबाब दिला म्हणून तुमच्यावरच केस होईल. शिवाय तुमच्या आधीच्या सगळ्या पंचनाम्यांचं काय, तेही तसेच होते का? आप्पा उठून आले. त्यानंतर ते त्या टपरीवर कधी बसले नाहीत. पण खरं सांगायचं तर त्यांना केसची एवढी भीती नव्हती. आयुष्यभर ज्या सहीच्या जोरावर हा माणूस ताठ चालला, ती सही म्हणजे काहीच नव्हतं, हे चारचौघांत कळेल याची त्यांना लाज होती. ती लाज त्यांना बोलू देईना, आणि बोलत नाही याची दुसरी लाज वर चढत गेली.

बोलायचं नव्हतं, म्हणून ते पळापळ करायला लागले. आबांना घेऊन पुण्याला वकिलाकडं जायचं, भेटीच्या दिवशी मोनिकाला स्टेशनवर सोडायचं, सखूबाईंना दवाखान्यात न्यायचं, बिरदेवचा टेम्पो हप्त्यापायी उभा राहायला नको म्हणून त्यावर ड्रायव्हर बघून द्यायचा. सगळं आप्पा करत होते. गाव कौतुक करायचं. भावकीसाठी सुद्धा एवढं कुणी करत नाही म्हणायचं. कुणी तोंडावर असं बोललं की आप्पा तिथून उठून जायचे. लोकांना वाटायचं, माणसाला स्तुती आवडत नाही. ज्या माणसानं जन्मभर स्तुतीसाठी टपरीवर बूड टेकलं, त्याला ती एकाएकी का आवडेना, हा प्रश्न मलाही पडला नाही.

पुण्याच्या वकिलानं एकदा आबा आणि आप्पांना समोर बसवून सांगितलं की या दोन साक्षीदारांपैकी एखादा पुढं येऊन ‘मी असं बोललोच नाही’ म्हणाला तर फार मदत होईल. पण असं कुणी येत नसतं, हेही त्यानंच वर सांगितलं. परतीच्या एसटीत आप्पांनी ठरवलं होतं, यवत यायच्या आत आबांना सांगायचं. हडपसर सुटलं आणि आबांनी त्यांच्या खांद्यावर मान टाकली. झोपेत आबांच्या तोंडाची लाळ आप्पांच्या सदऱ्यावर गळत होती, आणि आप्पा खांदा हलवत नव्हते. यवत गेलं, चौफुला गेला. आबा जागे झाले आणि म्हणाले, तुमी होता म्हणून बरं, आप्पा. मग आप्पांना बोलणं जमलं नाही.

सल्लागार मंडळापुढं बिरदेवला जेलमधून टीव्हीवर उभं केलं. त्यानं सांगितलं, कालव्याच्या पुलावर दुकानंच नाहीत. आणि त्या ‘अ’ला आणि ‘ब’ला माझ्यासमोर आणा, मग मी विचारतो. ते करता येत नाही, असं उत्तर मिळालं. पाच-दहा मिनिटांत सगळं आटोपलं. पुढं हुकूम कायम झाल्याचं कळलं. त्या दिवशी सरूआत्यांनी नवऱ्यासमोर ताट ठेवलं आणि त्या म्हणाल्या, “संक्रांतीला सखूबाईच्या दारात मला वाण घेऊन जायचंय. मी कंच्या तोंडानं जाऊ ते तेवढं सांगा.” आप्पा ताटावरून उठले. सरूआत्या त्या संक्रांतीला कुणाकडंच गेल्या नाहीत. गुडघे दुखतात म्हणून सांगितलं.

तोवर वस्तीनं आपला ‘ब’ शोधून काढला होता. गावातला प्रतिष्ठित शेतकरी, बिरदेवशी वाकडं असलेला, म्हणजे पिठाच्या गिरणीचा ज्योतिबा. बांधावरून त्याचं आणि बिरदेवचं एकदा वाजलं होतं, एवढाच पुरावा. वस्तीवरच्या बायकांनी त्याच्या गिरणीत दळण टाकणं बंद केलं, लांबच्या गिरणीत जायला लागल्या. कुणीतरी त्याच्या गिरणीच्या पट्ट्यावर विळा फिरवला. ज्योतिबा भर चौकात पोरांच्या शपथा घेत होता. ‘अ’ कोण यावरही घराघरांत वाद चालले. दोन सख्ख्या भावांनी एकमेकांवर संशय घेऊन बोलणं टाकलं. कुणाच्या दारात पोलिसांची मोटारसायकल थांबलेली दिसली की संध्याकाळपर्यंत तो ‘अ’ ठरायचा. पृथ्वीराजचं गुऱ्हाळ जोरात चालू होतं. ट्रॉल्या दिवसाढवळ्या यायच्या आणि त्यांच्याकडं बघायचंही लोक टाळायचे. मीसुद्धा त्या काळात धुराविरुद्धचा एकही अर्ज टाइप केला नाही, कारण टाइप करून घ्यायला कुणी आलंच नाही.

आप्पा ज्योतिबाच्या गिरणीत मात्र जात राहिले. रोज थोडं थोडं दळण घेऊन जायचे. ज्योतिबा म्हणायचा, तुम्ही तेवढे माझ्यावर संशय घेत नाही, पंच. आप्पा पिठाचा डबा उचलायचे आणि निघायचे.

अखेर हायकोर्टानं हुकूम रद्द केला. बिरदेवच्या अर्जावर सरकारनं वेळेत निर्णय दिला नाही, एवढ्या कारणावर. पूल, कोयता, दुकानं, ‘अ’, ‘ब’, यांचं खरं-खोटं करायची कोर्टाला गरजच पडली नाही. वर्षातले आठ महिने तोवर गेले होते. ते कुणी परत देत नाही, आणि मागावे कुणाकडं हेही कुणाला माहीत नाही.

बिरदेव आला त्यानंतरच्या रविवारी आबांनी बिरोबाच्या देवळापुढं जेवण ठेवलं. मटणाचा रस्सा, भाकरी, सगळी वस्ती, गावातलीही बरीच माणसं. ज्योतिबाला बोलावणं नव्हतं. मी गेले होते. बिरदेव अंगानं उतरला होता, पण मला खटकला तो त्याचा आवाज. पाणी मागायचं तरी तो शेजारच्याच्या कानाशी वाकत होता. कुणी गुऱ्हाळाचा विषय काढला तर तो ताटाकडं बघत राहिला. येणाऱ्या प्रत्येकाच्या तोंडाकडं तो जरा जास्त वेळ पाहत होता, आणि लोक नजर चुकवत होते. ज्यांनी काहीच केलं नव्हतं तेही.

जेवणाच्या आधी आबा उभे राहिले. त्यांनी नवी टोपी, टॉवेल आणि नारळ आणला होता. आमच्याकडं उपकाराची फेड अशीच करतात, चारचौघांत टॉवेल-टोपी द्यायची. आबा म्हणाले की माझं पोरगं आत असताना हा माणूस माझ्याबरोबर सख्ख्या भावासारखा फिरला, म्हणून बिरदेवच्या हातून आज यांचा सत्कार करायचा. लोकांनी टाळ्या वाजवल्या. सरूआत्या बायकांत माझ्याशेजारी बसल्या होत्या. त्यांनी माझं मनगट इतकं घट्ट धरलं की मी त्यांच्याकडं वळून पाहिलं. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता.

आप्पा उठून पुढं गेले. बिरदेवनं त्यांच्या कपाळाला भंडारा लावला आणि पाया पडायला वाकला. आप्पांनी दोन्ही हातांनी त्याचे खांदे धरून त्याला मध्येच थांबवलं. मला वाटलं, ते त्याला जवळ घेताहेत. मग ते बोलले, आणि ते पुढं बसलेल्या आम्हा सगळ्यांना ऐकू आलं.

“माज्या पाया पडू नको. त्यो ‘ब’ मी हाय. मी न वाचता सही केली, आन् कळल्यावर बी गप बसलो.”

वाढपी होते तिथं थांबले. मागच्यांना ऐकू गेलं नव्हतं, ते पुढच्यांना विचारायला लागले आणि पुढचे त्यांना गप्प करायला लागले. सरूआत्यांनी माझं मनगट सोडलं आणि पदर तोंडावर घेतला. मला स्वतःला राग यायला हवा होता, एरवी मला तो लवकर येतो. पण कपाळभर पिवळाजर्द भंडारा लावलेला तो म्हातारा तिथं उभा होता आणि त्याला कुठं बघावं ते कळत नव्हतं. मला नुसती लाज वाटली, त्यांचीही आणि आमची सगळ्यांचीच.

बिरदेव सरळ उभा राहिला. तो आप्पांना मारील असं मला क्षणभर वाटलं. पूर्वीचा बिरदेव असता तर ओरडला तरी असता. त्यानं हळू आवाजात विचारलं, “आन् ‘अ’ कोन?”

आप्पा म्हणाले, “मला ठावं न्हाई रं. द्येवाशपथ.”

बिरदेवनं मान हलवली, जणू एवढंच उत्तर मिळणार हे त्याला ठाऊक होतं. मग तो बोलला. “आत दुसरं काम नसतंय, आप्पा. रोज एकेकाला त्या दोन जागी बसवून बघायचो. ज्योतिबाला बसवला. दोस्तांना बसवलं. मोनिकाच्या भावाला बसवला. मग माणसं संपली, तवा एकदा माज्या बापाला बी बसवून बघितलं. म्हनलं, रोजच्या कटकटीला कटाळून म्हाताऱ्यानंच दिली आसंल सही. आन् ते मला खरं वाटाय लागलं. लई दिवस खरं वाटत हुतं. तुमाला तेवढं कवा बसवलं न्हाई.”

आबा टोपी हातात घेऊन दोघांच्या मध्ये उभे होते. बिरदेव हे सगळं आप्पांकडं बघून बोलला. आबांकडं त्यानं पाहिलं नाही, आणि आबाही वर बघेनात.